तो ताप नव्हता, म्हणून गोळीने उतरला नाही

एका वाचक ताईंचं पत्र आलं आहे. थोडं आटोपशीर करून देते आहे:

"माझे सासरे ६८ वर्षांचे आहेत. रक्तदाबाच्या गोळ्या चालू आहेत, त्यातली एक लघवी जास्त होण्याची. त्या आठवड्यात सर्दीची गोळीही घेत होते. उष्णतेची लाट होती म्हणून आम्ही त्यांना तीन दिवस घराबाहेर पाऊल टाकू दिलं नाही. वरच्या मजल्यावरच्या खोलीत खिडक्या बंद करून ते पडून असायचे. चौथ्या दिवशी दुपारी असंबद्ध बोलायला लागले, मला ओळखेनात. अंग कोरडं आणि चटका बसेल इतकं गरम. काखेत थर्मामीटर लावला तर १०३. ताप आहे असं समजून पॅरासिटामॉल दिली, पांघरूण घातलं, तासाभराने आणखी एक गोळी दिली. मी गार पाणी ओतायला निघाले होते, पण घरातल्या मोठ्यांनी अडवलं. तापलेल्या अंगावर एकदम गार पाणी नको, झटका येईल, असं म्हणाले. हॉस्पिटलला पोचेपर्यंत दोन तास गेले. तिथे तापमान १०६ च्या वर निघालं. मग आयसीयू, लिव्हरला सूज, किडनीचा त्रास. आता बाबा घरी आहेत, पण चालताना तोल जातो, बोलणं जड झालंय. नातेवाईक म्हणतात, घरात बसून कधी ऊन लागतं का, तुमचंच दुर्लक्ष झालं असणार. मी रात्री चार-पाचदा उठून त्यांचं अंग बघते. माझं काय चुकलं? त्यांच्या शरीरातली उष्णता सांभाळायची यंत्रणा कायमची बिघडली का? आणि गार पाणी ओतायला हवं होतं की नको?"

ताई,

शेवटच्या प्रश्नापासून सुरुवात करते, कारण तोच तुम्हाला सगळ्यात जास्त छळतोय असं पत्र वाचताना जाणवलं. हो, गार पाणी ओतायला हवं होतं, कारण बाबांना झाला तो ताप नव्हता, उष्माघात होता. तुम्ही जे करायला निघाला होतात ते बरोबर होतं. घरातल्या मोठ्यांनी अडवलं तेही काळजीपोटीच, त्यांच्यावरही राग धरू नका. पण यापुढे कुणी अडवलं तर थांबायचं नाही, आणि का थांबायचं नाही हे तुम्हाला ठामपणे सांगता यावं, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

आपल्या मेंदूत हायपोथॅलॅमस नावाचा एक छोटा भाग आहे. शरीराच्या आतलं तापमान ३७ अंश सेल्सिअसच्या, म्हणजे ९८.६ फॅरनहाइटच्या आसपास ठेवायचं काम त्याचं. एखादा जंतुसंसर्ग झाला की शरीरात प्रोस्टाग्लँडिन नावाचं द्रव्य तयार होतं आणि ते हायपोथॅलॅमसला सांगतं, आता ३७ नको, ३९ वर ने. मग थंडी वाजते, हुडहुडी भरते, माणूस पांघरूण मागतो आणि अंग तापतं. हा खरा ताप. गीझरचा काटा कुणीतरी मुद्दाम वर सरकवल्यासारखा हा प्रकार असतो. पॅरासिटामॉल ते प्रोस्टाग्लँडिन कमी करते, काटा पुन्हा खाली येतो, घाम फुटतो, ताप उतरतो.

उष्माघातात काटा ३७ वरच असतो. मेंदू उष्णता बाहेर टाकायची शिकस्त करत असतो, पण बाहेर टाकली जाते त्याहून जास्त उष्णता अंगात साठत जाते. सरकलेला काटाच नाही, तर खाली आणायला गोळीला काही उरतच नाही. म्हणून एक दिली, दुसरी दिली, तरी फरक पडला नाही. उष्माघातात लिव्हर आधीच होरपळत असतं, त्यामुळे पॅरासिटामॉल अशा वेळी टाळलेलीच बरी, आणि अ‍ॅस्पिरिन तर नकोच, कारण या आजारात रक्त गोठण्याचं गणित बिघडतं आणि रक्तस्राव वाढू शकतो. पण बाबांच्या लिव्हरला सूज आली ती तुमच्या दोन गोळ्यांमुळे आली असं मनात घेऊन बसू नका. उष्माघातात लिव्हर उष्णतेनेच दुखावतं. त्याचे रिपोर्ट बहुतेक वेळा दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी सर्वात वाईट येतात आणि मग हळूहळू सुधारतात.

आता नातेवाइकांचा टोमणा. उष्माघाताचे ढोबळमानाने दोन प्रकार आहेत. एक कष्टाचा. धावणारा खेळाडू, उन्हात राबणारा मजूर, प्रशिक्षणातला सैनिक, अशा धडधाकट माणसाला तो तासाभरातही गाठू शकतो. दुसरा प्रकार म्हणजे बाबांना झाला तो. यात माणूस उन्हात गेलेला नसतो, कष्ट केलेले नसतात. तो घरातच असतो, बहुतेक वेळा वयस्कर, अनेकदा वरच्या मजल्यावर, आणि लाटेचा तिसरा-चौथा दिवस उजाडलेला असतो. २००३ च्या ऑगस्टमध्ये युरोपात उष्णतेची लाट आली तेव्हा एकट्या फ्रान्समध्ये सुमारे १५,००० जास्तीचे मृत्यू झाले. त्यात वृद्ध फार मोठ्या संख्येने होते आणि कित्येक जण आपल्या घरातच दगावले. तेव्हा घरात बसून ऊन लागत नाही, हे साफ चूक आहे. नातेवाइकांना माझा हा परिच्छेद खुशाल वाचून दाखवा.

हे घडतं कसं, ते साध्या हिशेबाने समजतं. माणूस नुसता पडून असला तरी त्याचं शरीर सतत उष्णता तयार करत असतं. ती अजिबात बाहेर पडली नाही तर आतलं तापमान तासाला साधारण एका अंशाने चढेल. एरवी ही उष्णता आपल्या नकळत निघून जाते. त्वचेचं तापमान ३५ अंशांच्या आसपास असतं आणि भोवतालची हवा त्याहून थंड असते, म्हणून. खोलीतली हवाच त्वचेहून गरम झाली की उलटा प्रवास सुरू होतो, हवा शरीराला तापवू लागते. मग एकच वाट उरते, घाम सुकण्याची. एक लिटर घाम अंगावर पूर्ण सुकला तर सुमारे ५८० किलोकॅलरी उष्णता घेऊन जातो, ही फार मोठी ताकद आहे. पण तो सुकायला हवा. दमट हवेत घाम नुसता ओघळतो, आणि ओघळून गेलेल्या घामाने अंग थंड होत नाही. त्यामुळे कोरड्या ४२ अंशांपेक्षा दमट ३६ अंश जास्त घातक ठरू शकतात. लोक फक्त पारा बघतात आणि हवेतला दमटपणा विसरतात, याची मला नेहमी काळजी वाटते.

बाबांच्या बाबतीत ही उरलेली वाटही अरुंद झाली होती. वयाबरोबर घाम कमी आणि उशिरा येतो, तहान लागल्याची जाणीव बोथट होते. लघवी वाढवणाऱ्या गोळीने अंगातलं पाणी कमी होतं. सर्दीच्या बऱ्याच गोळ्यांमध्ये अँटिहिस्टामिन, म्हणजे अ‍ॅलर्जी शमवणारं औषध असतं आणि त्यातली काही औषधं घाम रोखतात. त्यात बंद खोली, आणि वरचा मजला म्हणजे छत दिवसभर तापून रात्री तीच उष्णता खाली सोडणार. रात्र थंड गेली असती तर शरीराला सावरायला वेळ मिळाला असता, तोही मिळाला नाही. खिडक्या बंद ठेवणं दुपारी योग्यच होतं, फक्त रात्री बाहेरची हवा निवल्यावर त्या सताड उघडायच्या असतात. यातली एकही गोष्ट एकट्याने घातक नव्हती. सगळ्या एकाच आठवड्यात जमून आल्या.

आत काय झालं असेल तेही सांगते, म्हणजे डॉक्टरांनी आयसीयूत इतक्या तपासण्या का केल्या ते कळेल. उष्णता बाहेर टाकायला शरीर रक्त त्वचेकडे वळवतं. त्यासाठी हृदयाला जोरात पळावं लागतं, आणि आतड्याच्या वाट्याचं रक्त कमी होतं. आतड्याचं अस्तर रक्ताविना आणि उष्णतेने कमकुवत झालं की तिथल्या जंतूंची विषारी द्रव्यं रक्तात झिरपतात आणि सगळ्या अंगभर दाह पेटतो. म्हणून लिव्हर, किडनी, रक्त गोठवणारी यंत्रणा अशी एकामागून एक लडखडतात. आतलं तापमान ४१.६ ते ४२ अंशांच्या घरात पोचून तिथेच टिकलं, तर पाऊण तासापासून काही तासांच्या अवधीत पेशी मरू लागतात. तापमान किती चढलं याच्याइतकंच ते किती वेळ वर राहिलं यालाही महत्त्व आहे. उपचाराची सगळी घाई या एका गोष्टीसाठी असते.

तोल जातोय तो यामुळेच. मेंदूच्या मागच्या भागात अनुमस्तिष्क असतं, तोल आणि हालचालींचा मेळ तेच साधतं. तिथल्या काही पेशी उष्णतेला फार नाजूक असतात. चालताना झोकांड्या जाणं आणि बोलणं जड होणं ही दोन्ही त्याचीच लक्षणं. न्यूरॉलॉजिस्टना दाखवा आणि फिजिओथेरपी आत्ताच सुरू करा, आपोआप बरं होईल म्हणून थांबू नका. बोलण्यासाठी स्पीच थेरपिस्ट असतात, त्यांचीही मदत घ्या. पुष्कळ जणांमध्ये आठवड्यां-महिन्यांत सुधारणा होत जाते. काहींमध्ये थोडा दोष राहतो. बाबा यातल्या कोणत्या गटात असतील हे मी इथे बसून सांगू शकत नाही, खोटा दिलासाही देणार नाही. तोपर्यंत पडण्यापासून जपा. बाथरूममध्ये धरायला दांडा, रात्री दिवा, पायात न घसरणारी चप्पल.

काखेतला १०३ आणि हॉस्पिटलमधला १०६, यात कुणीही खोटं बोललेलं नाही. वेळ गेला तशी उष्णता चढत गेली हे एक. दुसरं म्हणजे काखेतलं, तोंडातलं, कपाळावर रोखलेल्या यंत्राचं तापमान अशा वेळी खरं आतलं तापमान दाखवत नाही, ते अनेकदा बरंच कमी दाखवतं. भरवशाचं तापमान गुदद्वारातून घेतलेलं, आणि ते हॉस्पिटलमध्येच घेतलं जातं. म्हणून घरी आकड्यावर विसंबू नका. अंग तापलंय, दिवस उष्णतेचे आहेत, आणि माणूस बरळतोय, चिडचिड करतोय, ओळखत नाही, झटके येताहेत किंवा शुद्ध हरपतेय, एवढं दिसलं की तो उष्माघातच समजायचा. पुस्तकात ४० अंश सेल्सिअसच्या वरचं तापमान आणि सोबत मेंदूवर परिणाम, अशी व्याख्या सापडेल. घरच्यांनी त्यातल्या दुसऱ्या अर्ध्याकडे बघावं. घाम येतोय का नाही यावरही ठरवू नका. बाबांचं अंग कोरडं होतं, पण कष्टाच्या उष्माघातात माणूस घामाने चिंब असू शकतो आणि घाम येतोय म्हणून लोक निर्धास्त राहतात.

या आधीची पायरी म्हणजे उष्णतेने थकवा येणं. गरगरणं, मळमळ, डोकं दुखणं, पायात गोळे, भरपूर घाम, पण माणूस शुद्धीवर आणि बोलणं सरळ. त्याला सावलीत नेऊन कपडे सैल करावेत, अंग ओलं करावं, थोडं थोडं ओआरएस पाजावं. अर्ध्या तासात बरं वाटलं नाही किंवा बोलण्यात गोंधळ दिसला, की पुढची पायरी गाठली असं धरायचं.

आणि मग काय करायचं? रुग्णवाहिका बोलवायची आणि ती येईपर्यंत एक मिनिटही न दवडता अंग थंड करायला लागायचं. आधी हॉस्पिटल गाठू, तिथे करतील ते, या विचारात जातो तोच वेळ सगळ्यात मोलाचा असतो. कपडे काढा. तरुण, धडधाकट माणसाला कष्टाने उष्माघात झाला असेल तर मानेपर्यंत गार पाण्याच्या टबात बसवणं हा सगळ्यात वेगवान उपाय आहे. डोकं सतत कुणीतरी धरून पाण्याबाहेर ठेवायला हवं. अमेरिकेतल्या फॅलमथच्या रस्त्यावरच्या शर्यतीत १८ वर्षांत उष्माघाताचे २७४ धावपटू तिथल्या वैद्यकीय तंबूत असे बर्फाच्या पाण्यात बुडवून थंड केले गेले आणि सगळे वाचले. उपचार लगेच आणि जागेवरच झाले, म्हणून.

बाबांसारख्या वयस्कर माणसाला घरात टबात उतरवणं आणि सांभाळणं अवघड असतं. तिथे अंगभर पाणी ओता, ओली चादर टाका, ती सतत ओली ठेवा आणि जोरात वारा घाला, पंख्याने, पुठ्ठ्याने, जे हाताशी असेल त्याने. इथे पाणी घामाचं काम करतं. बर्फ असेल तर कापडात गुंडाळून मानेला, काखेत आणि जांघेत ठेवा, पण फक्त बर्फाच्या पिशव्यांवर भागवू नका, त्यांचा जोर कमी पडतो. बर्फ नाही म्हणून खोळंबूही नका, नळाचं पाणी चालतं. कपाळावर ओली घडी ठेवून भागत नाही, जितकी जास्त त्वचा ओली तितकं बरं.

मोठ्यांची ती भीती, की गार पाण्याने त्वचेच्या शिरा आकसतील आणि उष्णता आतच कोंडेल, ती एके काळी डॉक्टरांमध्येही होती. शिरा थोड्या आकसतात हे खरं आहे. पण गार पाणी उष्णता इतक्या वेगाने ओढून घेतं की तरीही तापमान झपाट्याने उतरतं, हे मोजून पाहिलेलं आहे. थोडी हुडहुडी भरली तरी थांबायचं नाही. माणूस नीट शुद्धीवर येईपर्यंत किंवा डॉक्टर ताब्यात घेईपर्यंत, गाडीतसुद्धा, चालू ठेवायचं.

पांघरूण मात्र नको होतं, आणि गोंधळलेल्या माणसाला तोंडाने गोळी किंवा पाणीही नको, ते श्वासनलिकेत जाऊ शकतं. हे तुम्हाला माहीत नव्हतं. तुम्ही विचारलंत म्हणून सरळ लिहिते: गेलेल्या वेळाने नुकसान वाढलं असण्याची शक्यता आहे. पण काय चाललंय ते न कळल्यामुळे गेलेला वेळ आणि दुर्लक्ष या दोन फार वेगळ्या गोष्टी आहेत. तुम्ही त्यांचं बोलणं बदललेलं ओळखलंत, तापमान बघितलंत, हॉस्पिटलला नेलंत. दुर्लक्ष करणाऱ्या माणसाला यातलं काही दिसलंच नसतं.

यंत्रणा कायमची बिघडली का, याचं उत्तर बहुधा नाही असं आहे. पण उष्माघातानंतर काही आठवडे, कधी काही महिने, शरीर उष्णता नीट पेलू शकत नाही. या काळात पुन्हा त्रास होण्याचा धोका जास्त असतो. म्हणून हा उन्हाळा बाबांना गारव्यात ठेवा, खालच्या मजल्यावर झोपवा. तहानेची वाट न बघता थोडं थोडं प्यायला द्या. किती द्यायचं ते मात्र डॉक्टरांना विचारून ठरवा, कारण किडनी नुकतीच सावरतेय आणि नुसतं साधं पाणी बेसुमार प्यायल्याने रक्तातलं सोडियम उतरून वेगळाच गोंधळ होऊ शकतो. पंखा उपयोगी आहे, पण खोलीतली हवा ४० अंशांच्या वर गेली की नुसता पंखा अंगावर गरम हवाच आणून टाकतो, वयस्करांच्या बाबतीत तर त्याच्याही आधीपासून. तेव्हा अंगावर पाणी शिंपडत राहा आणि शक्य असेल तर त्यांना अधिक थंड जागी हलवा. पुढे फिरायला सुरुवात करायची ती थंड वेळी, डॉक्टरांनी हो म्हटल्यावर, आणि रोज थोडी थोडी वाढवत. उष्णतेची सवय शरीराला एक ते दोन आठवड्यांत लागते, त्याहून घाई करता येत नाही.

रात्री उठून अंग बघणं आता बंद करा. निरोगी माणसाचं तापमानही दिवसभरात अर्धा-एक अंश खालीवर होतं, पहाटे सर्वात कमी आणि संध्याकाळी जास्त. संध्याकाळी ९९ दिसलं म्हणजे उष्माघात परतला असं होत नाही. झोपण्याआधी एकदा खोली थंड आहे ना, बाबा नीट बोलताहेत ना, दिवसभरात लघवी पुरेशी आणि फिकट झाली ना, एवढं पाहा आणि झोपा. घरातल्या दुसऱ्या कुणाकडे एक दिवसाआड ही जबाबदारी द्या. तुमची झोप तुटत राहिली तर दिवसा बाबांमधला बदल तुमच्या लक्षात यायचा नाही.

आणि येत्या तपासणीला जाताना बाबा घेतात त्या सगळ्या गोळ्यांची पाकिटं सोबत न्या, सर्दीची, झोपेची, अ‍ॅलर्जीची, दुकानातून आपणच आणलेलीसुद्धा. लघवीच्या गोळीचा डोस उन्हाळ्यात बदलायचा का, सर्दी झाली तर कोणती गोळी चालेल, हे तिथे विचारून लिहून घ्या. एकही गोळी आपल्या मनाने बंद करू नका. रक्तदाब अचानक चढणंही त्यांना आत्ता परवडणारं नाही. लिव्हर आणि किडनीच्या रक्ताच्या तपासण्या पूर्ण ठीक येईपर्यंत त्या चुकवू नका. बाबा पुन्हा असंबद्ध बोलायला लागले, लघवी गडद तपकिरी झाली किंवा डोळे पिवळे दिसले, तर तारखेची वाट न बघता त्याच दिवशी दाखवा.